छोटं प्लेस्टेशन आणि एक पेनड्राइव्ह

प्लेस्टेशन क्लासिक, म्हणजे सोनीच्या पहिल्या गेमयंत्राची छोटी आवृत्ती, खोक्यातून निघतं तसंच वापरणार असाल, तर घेऊ नका. त्याला आपल्या पसंतीच्या गेम्सचा एक साधा पेनड्राइव्ह लावायची तयारी असेल, तर जरूर घ्या. आणि ज्यांनी कॉलेजच्या दिवसांत टेकन थ्री या मारामारीच्या गेमवर पॉकेटमनी ओतला असेल, त्यांनी तर शोधून घ्या. मी हे दोन्ही अवस्थांत भरपूर वापरलंय आणि दोन्हींत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

यंत्राची ओळख आधी थोडक्यात. मूळ प्लेस्टेशन जपानमध्ये 3 डिसेंबर 1994ला आलं. सोनीने बरोबर त्याच तारखेला, 3 डिसेंबर 2018ला, त्याची ही छोटी आवृत्ती काढली. आत 20 गेम्स भरलेल्या, सोबत दोन वायरवाले कंट्रोलर, एचडीएमआय केबल आणि पॉवरसाठी मायक्रो-यूएसबी केबल. चार्जर मिळत नाही. 5 व्होल्ट, 1 अँपिअरचा मोबाइलचा कुठलाही बरा चार्जर चालतो. अमेरिकेत किंमत 99.99 डॉलर होती, पण लोकांनी पाठ फिरवली आणि काही महिन्यांतच दुकानदार ते निम्म्याहून कमी किमतीत काढू लागले. माझे धाकटे दीर न्यू जर्सीत असतात. त्यांना ते अशाच एका सेलमध्ये दिसलं आणि पुण्याला येताना त्यांनी बॅगेत टाकलं. "वहिनी, तुमचं जुनं वेड आणलंय," म्हणाले.

हातात घेतल्यावर पहिला आनंद आकाराचा. राखाडी रंग तोच, वरचं गोल झाकण तेच (उघडत नाही, नुसतं दिसायला आहे), आणि तिन्ही बटणं खरी, काम करणारी. पॉवर दाबलं की चालू. रिसेट दाबलं की गेम आहे तिथे थांबवून मुख्य पडद्यावर परत. आणि ओपन हे बटण एकाहून जास्त डिस्कच्या गेम्समध्ये डिस्क बदलायला. फायनल फँटसी सेव्हन तीन डिस्कांची आहे. पहिली डिस्क संपल्यावर पडद्यावर सूचना येते, तेव्हा आपण उठून यंत्रापाशी जायचं आणि ओपन दाबायचं. हे ज्याला कुणाला सुचलं, त्याने मूळ यंत्र मनापासून वापरलेलं असणार.

पण हीच काळजी गेम्स निवडताना दिसत नाही. जपानबाहेरच्या आवृत्तीत मेटल गिअर सॉलिड आहे, टेकन थ्री आहे, रिज रेसर टाइप फोर आहे, रेसिडेंट ईव्हिल आहे. इथवर ठीक. पण क्रॅश बँडिकूट नाही, ग्रॅन टुरिस्मो नाही, टूम रेडर नाही, सायलेंट हिल नाही, टोनी हॉक नाही. प्लेस्टेशन म्हटल्यावर आपल्याकडच्या दहांतल्या आठ जणांच्या तोंडी यांतलंच एखादं नाव येईल. नंतर लोकांनी यंत्राच्या आतल्या फाइली उघडून पाहिल्या, तेव्हा त्यात यांतल्या कित्येक गेम्सची नावं नोंदलेली सापडली. म्हणजे विचार झाला होता आणि मग त्या बाहेर राहिल्या.

त्याहून मोठी खोट आहे ती वेगाची. जुन्या काळी टीव्हीचे दोन मुख्य प्रकार होते. अमेरिका-जपानमध्ये एनटीएससी, सेकंदाला 60 वेळा चित्र बदलणारा. युरोपात आणि आपल्याकडे पाल, 50 वेळा. गेम मुळात 60साठी लिहिलेली आणि युरोपसाठी नीट न बसवता तशीच 50वर सोडलेली, असं त्या काळात सर्रास व्हायचं. अशी गेम सरळसरळ मंद चालते. आजच्या टीव्हीला हे बंधन उरलेलं नाही. तरीही 20पैकी 9 गेम्स सोनीने युरोपी पाल आवृत्तीच्या घेतल्या, अगदी अमेरिकेत विकलेल्या यंत्रातसुद्धा. आणि या 9मध्ये टेकन थ्री आहे. यंत्र टीव्हीला 60च्या वेगाने चित्र पाठवतं आणि गेम 50ची, म्हणून दर पाचव्या चित्राला एक चित्र पुन्हा दाखवलं जातं. डोळ्याला तो बारीकसा हिसका जाणवतो.

मी सांगलीत वाढले. कॉलेजच्या रस्त्याला एका गाळ्यात पार्लर होतं, चार टीव्ही, चार प्लेस्टेशन (नकली डिस्क चालाव्यात म्हणून आत चिप बसवलेली), तासावर पैसे. मुलींमध्ये मी एकटीच, तीही दादाबरोबर. तिथे सगळे टेकन खेळायचे. नवखी पोरं एडी गॉर्डो घ्यायची, कारण लाथांची दोन बटणं नुसती बडवली तरी तो कापोएरा या ब्राझिली युद्धकलेच्या गिरक्या घेत समोरच्याला लोळवतो. दादा किंग घ्यायचा आणि त्याच्या एकातून एक निघणाऱ्या पकडी त्याला पाठ होत्या. परवा दिवाळीत तो पुण्याला आला, तेव्हा मी मुद्दाम त्याला यंत्रात आधीपासून असलेली टेकन थ्री लावून दिली, काही न सांगता. त्याने पहिली पकड टाकली, दुसरी जुळली नाही. पुन्हा तसंच. कंट्रोलर उलटसुलट करून पाहिला.

"हे पाण्यात मारामारी केल्यासारखं चाललंय गं," तो म्हणाला.

मी बाहेर पडून पेनड्राइव्हवरची अमेरिकी टेकन थ्री लावली. पुढच्याच डावात पकडींची अख्खी साखळी निघाली. दादा काही बोलला नाही, फक्त मांडी घालून नीट बसला. मग जेवायला हाक मारून मारून वहिनी थकली.

हा पेनड्राइव्हचा प्रकार शक्य झाला, त्यामागची हकिगत सांगण्यासारखी आहे. निन्टेन्डोने 2016 आणि 2017मध्ये आपली छोटी यंत्रं काढली, तेव्हा एम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राचं सोंग वठवणारा प्रोग्रॅम, स्वतः लिहून घेतला होता. सोनीने तसं केलं नाही. पीसीएसएक्स रीआर्म्ड नावाचा, हौशी लोकांनी वर्षानुवर्षं घडवलेला, सर्वांसाठी खुला एम्युलेटर आहे, तोच आत बसवला. यात वाईट काही नाही, एम्युलेटर चांगला आहे. वाईट हे, की त्याच्या सगळ्या सोयी झाकून ठेवल्या. यंत्र बाजारात आल्या आल्या लोकांना कळलं, की काही विशिष्ट यूएसबी कीबोर्ड पुढच्या पोर्टला लावून एस्केप दाबलं की त्या एम्युलेटरचा अख्खा मेनू उघडतो. मग आणखी खोलात गेल्यावर दिसलं, की ज्या डिजिटल किल्लीने यंत्राचे अपडेट सहीशिक्क्याने बंद केले होते, ती किल्लीही आतच राहून गेली आहे. त्यानंतर आपल्या गेम्स पेनड्राइव्हवरून चालवून देणारे प्रोग्रॅम निघाले: ब्लीमसिंक आलं, ऑटोब्लीम आलं, प्रोजेक्ट एरिस आलं. सगळी हौशी मंडळींची, फुकट दिलेली कामं.

मी ऑटोब्लीम वापरते आणि नव्या माणसाला तेच सुचवते. कारण ते सगळं पेनड्राइव्हवरून चालतं, यंत्राच्या आतल्या मेमरीला हात लावत नाही. पेनड्राइव्ह काढला की यंत्र दुकानातून आणल्यासारखं मूळ रूपात सुरू होतं. त्यामुळे बिघडवून ठेवण्याची धास्ती नाही.

पेनड्राइव्ह निवडताना मात्र भारी वस्तू घेऊ नका. यंत्राचे पुढचे पोर्ट कंट्रोलरपुरतीच वीज देतात, म्हणून वेगवान यूएसबी 3चे ड्राइव्ह पुष्कळदा ओळखलेच जात नाहीत. घरात पडलेला जुना, साधा यूएसबी 2चा 32 जीबीवाला उत्तम. तो फॅट32मध्ये फॉरमॅट करायचा, त्याला नाव सोनी द्यायचं (इंग्रजी मोठ्या अक्षरांत, दुसरं नाव चालत नाही), ऑटोब्लीमच्या फाइली त्यावर उतरवायच्या, गेम्सच्या फोल्डरमध्ये प्रत्येक गेमचा स्वतंत्र फोल्डर करायचा आणि दुसऱ्या पोर्टला लावून यंत्र सुरू करायचं. पहिल्यांदा ते सगळ्या गेम्स तपासतं, मुखपृष्ठाची चित्रं जोडतं आणि सोनीच्याच धाटणीच्या गोल फिरणाऱ्या यादीत मांडतं. एका गेमला सरासरी अर्धा जीबी धरला तर साठेक गेम्स सहज मावतात.

नव्या माणसाची गाडी अडते ती एकाच ठिकाणी, म्हणून तेवढं नीट सांगते. प्लेस्टेशनच्या डिस्कची कॉम्प्युटरवर प्रत काढली की दोन फाइली तयार होतात. बिन ही मोठी फाइल, तिच्यात डिस्कवरचा सगळा माल. क्यू ही चिमुकली फाइल, नोटपॅडमध्ये उघडते, आत चार-पाच ओळी. पहिल्या ओळीत बिन फाइलचं नाव, अवतरणचिन्हांत. खाली ट्रॅकचा क्रमांक आणि तो कुठून सुरू होतो ते. लोक बिन फाइलला सुटसुटीत नाव देतात आणि क्यूमधलं नाव जुनंच राहतं. मग यादीत गेम दिसते, चित्रही दिसतं, पण सुरू केली की काळा पडदा. नाव दोन्हीकडे अक्षरन् अक्षर सारखं ठेवा, स्पेससकट. दुसरं असं, की पुष्कळ गेम्सचं संगीत डिस्कवर वेगळ्या ऑडिओ ट्रॅकच्या रूपात असतं. क्यू नीट नसेल तर गेम चालते, पण मुकी. टूम रेडर मुक्याने खेळण्यात काय अर्थ आहे? त्या ओसाड गुहांमध्ये मधूनच संगीत उमटतं, तोच तर तिचा प्राण.

डिस्कवरचा क्रमांकही बघून घ्या. एसएलयूएस किंवा एससीयूएसने सुरू होणारी अमेरिकी, एसएलईएस किंवा एससीईएसने सुरू होणारी युरोपी. शक्य तिथे अमेरिकी घ्या, वेगाचं वर सांगितलंच आहे. काही युरोपी डिस्कांना लिबक्रिप्ट नावाचं जादा कुलूपही असतं, त्यासाठी आणखी एक फाइल जोडावी लागते. अमेरिकी घेतली की तोही ताप नाही.

आता मला या यंत्राने सगळ्यात जास्त काय दिलं, ते.

मेटल गिअर सॉलिडमध्ये सायको मँटिस नावाचा मन वाचणारा खलनायक आहे. आपण त्याच्यासमोर उभे राहिलो, की तो आपली परीक्षा घेतो. म्हणजे गेममधल्या नायकाची नाही, आपली, सोफ्यावर बसलेल्याची. तो आपलं मेमरी कार्ड वाचतो. त्यावर कोनामी या त्याच कंपनीच्या दुसऱ्या गेम्सचे सेव्ह सापडले, तर त्यांची नावं घेऊन बोलतो. 1998 साली हे पाहून माणसं हबकली होती. छोट्या यंत्रावर ही जादू मुळातच मारली जाते, कारण तिथे प्रत्येक गेमला आपलं वेगळं आभासी मेमरी कार्ड असतं. मँटिस बिचारा कार्ड वाचतो आणि त्याला काहीच सापडत नाही.

ऑटोब्लीममध्ये दोन गेम्सना एकच मेमरी कार्ड वाटून देता येतं. मी माझ्या मेटल गिअर सॉलिडला आणि कोनामीच्याच कॅसलव्हेनिया सिम्फनी ऑफ द नाइटला एकच कार्ड जोडलं. आधी कॅसलव्हेनिया खेळून सेव्ह केली. मग मेटल गिअर घेऊन मँटिसच्या खोलीपर्यंत पोचले. माझी मुलगी शेजारी गृहपाठ करत बसली होती. मँटिसने डोकं तिरकं केलं आणि म्हणाला, तुला कॅसलव्हेनिया आवडतं, हो ना?

"आई, त्याला कसं कळलं?" तिने वही खाली ठेवली.

मी तिला मेमरी कार्डचं सगळं समजावलं. पण आधी अर्धा मिनिट काही न सांगता तसंच जाऊ दिलं, कारण तो अर्धा मिनिट ज्याचा त्याने अनुभवायचा असतो.

इथेच एक अडचणही येते. मँटिसला हरवायला कंट्रोलर दुसऱ्या पोर्टला लावायचा असतो आणि आपल्या दुसऱ्या पोर्टला पेनड्राइव्ह आहे. गेम बनवणाऱ्यांनी दुसरी वाटही ठेवली आहे. दोनचार वेळा हरून नायकाच्या वरिष्ठाला, कर्नलला, कोडेकवर (गेममधल्या रेडिओवर) पुन्हा पुन्हा फोन लावत राहा, तो खोलीतल्या पुतळ्यांवर गोळ्या झाडायला सांगतो. वेळ लागतो, पण काम होतं.

दोन कंट्रोलर आणि पेनड्राइव्ह एकदम हवे असतील, आणि टेकनसाठी हवेतच, तर पेनड्राइव्ह मागच्या पॉवरच्या पोर्टमधून ओटीजी जोडणीने (मोबाइलला पेनड्राइव्ह लावतो तशी) लावावा लागतो. त्यासाठी यंत्रातला कर्नेल, म्हणजे त्याच्या सिस्टिमचा गाभा, बदलावा लागतो. प्रोजेक्ट एरिसमध्ये ती सोय आहे. हे काम पेनड्राइव्हपुरतं राहत नाही, यंत्राच्या आत जातं, म्हणून सूचना शेवटपर्यंत वाचल्याशिवाय हात घालू नका. ओटीजी केबलही वीज आणि डेटा दोन्ही नेणारी, वाय आकाराची लागते. आमच्याकडे दादासाठी ते करून घेतलं आणि त्याचं सार्थक झालं.

प्लेस्टेशनपलीकडे काय चालतं? ऑटोब्लीमबरोबर रेट्रोआर्क, म्हणजे इतर जुन्या यंत्रांचे एम्युलेटर एकत्र चालवणारा प्रोग्रॅम, जोडता येतं आणि मग या चार कोअरच्या मीडियाटेक चिपवर, 1 जीबी रॅमवर, जुनं बरंच काही धावतं. आपल्या लहानपणीच्या काडतूसवाल्या आठ बिटी गेम्स, सुपर निन्टेन्डो, सेगा मेगा ड्राइव्ह, सगळं बिनतक्रार. कॉइन टाकून खेळायच्या मशिनवरची कॅपकॉमची कॅडिलॅक्स अँड डायनासोर्स, जिला अख्खा महाराष्ट्र मुस्तफा म्हणून ओळखतो, तीही सुरेख चालते, दोघांना मिळून. पिवळी टोपी घालून मुस्तफा धावत येऊन लाथ मारतो, तेव्हा आमच्या घरात अजूनही आवाज होतो. निन्टेन्डो 64च्या बाबतीत मात्र भरवसा नाही. काही गेम्स बऱ्या, काही रखडत. सेगाच्या ड्रीमकास्टच्या गेम्ससाठी तर हे यंत्र घेऊच नका.

चित्राबद्दल एक सांगते. पहिल्या प्लेस्टेशनच्या त्रिमितीतल्या आकृत्या मुळातच थरथरतात. भिंतीवरची विटांची चित्रं जवळ गेल्यावर वाकतात. त्या यंत्राचं गणित दशांशाशिवायचं होतं, आणि कुठली वस्तू किती खोल आहे याचा हिशेब चित्रं चिकटवताना धरला जात नव्हता. हा बिघाड नाही, तो त्या काळाचा स्वभाव आहे आणि मला तो आवडतो. मोठ्या टीव्हीवर तो फार उठून दिसत असेल, तर स्कॅनलाइन, म्हणजे चित्रावरच्या बारीक आडव्या काळ्या रेघा, लावून बघा, जुन्या टीव्हीचा पोत येतो. टीव्हीत गेम मोड नक्की चालू करा. नाहीतर बटण दाबणं आणि ठोसा बसणं यांत अंतर पडतं आणि दोष विनाकारण कंट्रोलरला लागतो.

कंट्रोलर हलका, छान, मूळ 1994च्या धर्तीचा. म्हणजेच अंगठ्याने फिरवायच्या अॅनालॉग काड्या नाहीत आणि थरथराटही नाही. टेकन, कॅसलव्हेनिया, फायनल फँटसीला काही अडत नाही. पण एप एस्केप ही गेम दोन काड्यांशिवाय खेळताच येत नाही, तिच्यासाठी वेगळा यूएसबी कंट्रोलर लागेल. केबल दीड मीटरची आहे. आपल्याकडच्या हॉलमध्ये सोफ्यापर्यंत ती पोचत नाही, म्हणून खाली सतरंजीवर बसणं आलं.

बाजारात हजारो गेम्स भरलेले पेनड्राइव्ह विकायला असतात. ते मी घेत नाही, आणि तुम्हीही घेऊ नका असं मनापासून सांगते. एक तर तो दुसऱ्याच्या कामाचा चोरटा धंदा आहे. आपण पार्लरमध्ये खेळलेल्या सगळ्या डिस्क नकली होत्या, तेव्हा दुसरं काही हाती लागत नव्हतं. आज जुन्या अस्सल डिस्क मिळतात. खालून काळ्याभोर, हातात घेतल्या की कळतात. कॉम्प्युटरच्या साध्या सीडी ड्राइव्हमध्ये घालून त्यांची प्रत काढता येते. दुसरं कारण व्यवहाराचं. त्या भरलेल्या ड्राइव्हमध्ये एकच गेम चार भाषांत, अर्धवट प्रती, पाल-एनटीएससीची खिचडी. यादी सरकवण्यातच संध्याकाळ जाते. माझ्या ड्राइव्हवर मोजक्याच गेम्स आहेत आणि प्रत्येक मी खेळते.

सेकंडहँड घेणार असाल तर विकणाऱ्याला यंत्र तुमच्यासमोर सुरू करायला लावा, दोन्ही कंट्रोलरची चारही दिशांची बटणं एखाद्या गेममध्ये दाबून बघा आणि पुढचे दोन्ही पोर्ट तपासा, कारण पेनड्राइव्ह सारखा काढून-घालून तेच आधी ढिले होतात. आणि घरी आणल्यावर एक सवय लावून घ्या. पॉवर दाबल्यावर हिरवा दिवा नारिंगी होईपर्यंत थांबा, मगच वायर किंवा ड्राइव्ह काढा. महिन्यातून एकदा पेनड्राइव्हवरचा सेव्हचा फोल्डर कॉम्प्युटरवर उतरवून ठेवा. फायनल फँटसीच्या तिसऱ्या डिस्कवर पोचलेला सेव्ह पुन्हा पहिल्यापासून उभा करायला कुणालाही सवड नसते.